गोष्ट कुणाची, हे विचारून शिकवा

टोरंटो आणि आजूबाजूच्या मराठी पालकांच्या ग्रुपवर गेली दोन-तीन वर्षं एक वाद परत परत येतो, साधारण पोरांचे कोर्स निवडायची वेळ आली की. फेब्रुवारी २०२३ मध्ये टोरंटो डिस्ट्रिक्ट स्कूल बोर्डाने ठरवलं की अकरावीच्या कंपल्सरी इंग्लिशच्या जागी फर्स्ट नेशन्स, मेटी आणि इन्युइट, म्हणजे कॅनडाच्या मूळ रहिवाशांच्या (इथे त्यांना इंडिजिनस म्हणतात) लेखकांचं साहित्य, त्यात चित्रांतून सांगितलेल्या कादंबऱ्याही, शिकवणारा कोर्स आणायचा. ऑन्टारिओतल्या काही बोर्डांनी हे आधीच केलं होतं. तेव्हापासून आपल्याकडे दोन तट पडलेत. एक तट म्हणतो शेक्सपिअर काढून पोरांच्या हातात कॉमिक्स दिली, आता ही मुलं युनिव्हर्सिटीत काय दिवे लावणार. दुसरा तट म्हणतो विषय नाजूक आहे, आपण बोलूच नये, शाळा सांगेल त्याला मान डोलवावी. मला दोन्ही पटत नाही. माझं म्हणणं असं की हे साहित्य शिकवायलाच हवं, ग्राफिक नॉव्हेलसकट, पण 'संवेदनशीलपणे शिकवायचं' म्हणजे दबक्या आवाजात, टोचेल तेवढं गाळून, कुणी दुखावणार नाही अशा बेताने शिकवायचं असा जो अर्थ सगळ्यांनी लावून घेतलाय तो साफ चुकीचा आहे. इथे जास्त अभ्यास लागतो. गोष्ट कुठल्या नेशनची (इंडिजिनस लोकांच्या एकेका समाजाला इथे नेशन म्हणतात), ती सांगायचा हक्क कुणाला, चित्रात नेमकं काय दाखवलंय आणि ते बघताना वर्गात कोण कोण बसलंय, एवढं समजून घेतलं की मग बिनधास्त शिकवावं.

आधी युनिव्हर्सिटीची भीती बाजूला करू, कारण ती सगळ्यात लवकर मिटते. या कोर्सचा युनिव्हर्सिटी-लेव्हलचा प्रकार बारावीच्या इंग्लिशसाठी पात्रता म्हणून धरला जातो, आणि ॲडमिशनला बघतात ते बारावीचं इंग्लिश. शिवाय ऑन्टारिओच्या अभ्यासक्रमात अमुक लेखक शिकवलाच पाहिजे असं बंधन मुळातच नाही, शेक्सपिअर वर्षानुवर्षं शिकवला गेला तो परंपरेने आणि शाळांच्या कपाटात त्याचे गठ्ठे पडलेले असतात म्हणून. नववी, दहावी, बारावीत तो शिकवायला आजही कुणी अडवलेलं नाही.

आता जो मुद्दा खरंच वजनदार आहे तो घेऊ. अवघड भाषेशी झटापट केल्याने मुलांचं डोकं तयार होतं, चारशे वर्षांपूर्वीच्या माणसाची मत्सराची भाषा आजही लागू पडते हे कळणं ही मोठी गोष्ट आहे, ते मला मान्य आहे, माझ्या मुलीने मॅकबेथ वाचावा असं मलाही वाटतं. पण या युक्तिवादात एक गृहीत लपलंय, की आधीचा इंग्लिशचा वर्ग हा शुद्ध साहित्याचा होता आणि आत्ता त्यात राजकारण घुसलं. खरंच? डंकन कॅम्पबेल स्कॉट हे नाव घ्या. कॅनडाच्या नामवंत कवींमध्ये त्याची गणना व्हायची, त्याच्या कविता साहित्याच्या संग्रहांमध्ये छापल्या जायच्या. हाच स्कॉट १९१३ ते १९३२ इंडियन अफेअर्स, म्हणजे इंडिजिनस लोकांचा कारभार बघणाऱ्या सरकारी खात्याचा सर्वोच्च अधिकारी होता. १९०७ साली खात्याच्याच डॉक्टरने, पीटर ब्राइसने, रिपोर्ट दिला की रेसिडेन्शियल शाळांमध्ये, म्हणजे इंडिजिनस मुलांना घरापासून तोडून जिथे ठेवलं जायचं त्या निवासी शाळांमध्ये, मुलं टीबीने मरतायत, आणि ब्राइसचं म्हणणं पुढे दाबलं गेलं. १९२० मध्ये स्कॉटच्याच पुढाकाराने ७ ते १५ वयाच्या मुलांना सक्तीने शाळेत घालायचा कायदा झाला. त्याच्या एका गाजलेल्या सुनीतात ओनोंडागा जमातीची एक आई आहे, छातीशी शालीत बाळ, आणि कवीला ती लयाला चाललेल्या वंशाची खूण वाटते. दिवसा ऑफिसात त्या बाळाला आईपासून तोडायची फाइल पुढे सरकवायची आणि संध्याकाळी त्या बाळाच्या नशिबावर कविता करायची. म्हणजे इंडिजिनस माणसं साहित्यात पूर्वीपासून होतीच ना? फक्त बोलत दुसरंच कुणीतरी होतं. आता ती स्वतः बोलायला लागली तर त्याला राजकारण म्हणायचं, हा न्याय मला समजत नाही.

दुसरा आक्षेप कॉमिक्सचा. 'चित्रांची पुस्तकं काय शिकवायची, ती तर पोरं आपली आपण वाचतात.' आपण अमर चित्र कथा एका दमात संपवणारी माणसं, त्यामुळे हा समज कुठून येतो ते मला कळतं. पण हैदा (पश्चिम किनाऱ्यावरचं एक नेशन) चित्रकार मायकल निकोल याहगुलानास यांचं २००९ चं 'रेड' नावाचं पुस्तक कुणी उघडून बघा. नेहमीच्या कॉमिक्समध्ये चौकटी असतात, सरळ रेघा, मध्ये पांढरी फट. इथे चौकटच नाही. पानावरून जाड काळ्या वळणदार रेषा वाहत जातात, कुठे फुगतात, कुठे निमुळत्या होतात, आणि त्या रेषाच एका प्रसंगाला दुसऱ्यापासून वेगळं करतात. त्या रेषा म्हणजे हैदा लोकांच्या लाकडी खांबांवर, पेट्यांवर, होड्यांवर शेकडो वर्षं कोरली गेलेली आकृतीची पद्धत आहे. आणि पुस्तकाची सगळी पानं सुटी करून शेजारी शेजारी लावली तर त्या रेषा जुळून एकच भलंमोठं चित्र तयार होतं, म्हणजे तुम्ही पान उलटत जी सूडाची गोष्ट वाचत होता ती सगळा वेळ एका मोठ्या आकृतीच्या पोटात घडत होती. लेखक स्वतः सुचवतो की दोन प्रती घ्या आणि पानं फाडून हे चित्र जुळवून बघा. दोन का, तर पानाच्या दोन्ही बाजूंना चित्र आहे. आता सांगा, हे शिकवायला पंधरा मिनिटं पुरतील? सुनीताच्या चौदा ओळी का, यमक कुठे मोडलं, हे जितक्या बारकाईने शिकवतो तितक्याच बारकाईने रेषा, रिकामी जागा, रंग शिकवावे लागतात. ज्या शिक्षकाला चित्र वाचता येत नाही त्याच्या हातात ग्राफिक नॉव्हेल म्हणजे फक्त विषयाची माहितीपुस्तिका होते, आणि मग मुलांनाही ती तशीच वाटते. 'कॉमिक्स म्हणजे सोपं' असं म्हणणारा पालक आणि 'मुलांना वाचनाचा कंटाळा आहे म्हणून ग्राफिक नॉव्हेल देतो' म्हणणारा शिक्षक, दोघांचा गैरसमज एकच आहे.

तिसरा मुद्दा मात्र मला खरंच अस्वस्थ करतो. चित्र थेट अंगावर येतं. वाक्य वाचताना पंधरा-सोळा वर्षांचं मूल आपल्याला झेपेल तेवढीच कल्पना करतं, चित्रात ती सोय नाही. रेसिडेन्शियल शाळेतला मार, अत्याचार, कापलेले केस, हे पानभर समोर आलं की वर्गातल्या एखाद्या मुलीची आजी त्याच शाळेतून आलेली असू शकते. दीड लाखाहून जास्त मुलं या शाळांमधून गेली आणि १९९० च्या दशकापर्यंत या शाळा चालू होत्या, म्हणजे हा काही पेशवाईतला इतिहास नाही, वर्गात बसलेल्या मुलांच्या आईवडिलांपर्यंत तो येऊन पोचतो. तर मग अशी चित्रं दाखवावीत का?

आपल्याकडे हाच प्रश्न २०१२ मध्ये आला होता. एनसीईआरटीच्या अकरावीच्या राज्यशास्त्राच्या पुस्तकात शंकर यांचं १९४९ चं व्यंगचित्र होतं, संविधानाचं काम गोगलगाईच्या गतीने चाललंय, गोगलगाईवर बाबासाहेब आणि मागे हातात चाबूक घेतलेले नेहरू. संसदेत गदारोळ झाला, सरकारने चित्र काढून टाकायचं कबूल केलं, सुहास पळशीकर आणि योगेंद्र यादव यांनी सल्लागारपद सोडलं आणि पळशीकरांच्या पुणे विद्यापीठातल्या ऑफिसची तोडफोड झाली. तोडफोड निषेधार्हच. पण त्या आठवड्यात टीव्हीवर दोनच वाक्यं ऐकू येत होती, अभिव्यक्तीस्वातंत्र्य आणि महापुरुषांचा अपमान. चाबूक आणि बाबासाहेब एका चौकटीत बघताना मागच्या बाकावरच्या दलित मुलाला काय वाटेल, बाकीचे हसतील तेव्हा तो कुठे बघेल, आणि शिक्षकाने आधी काय बोलायला हवं, म्हणजे १९४९ मध्ये हे चित्र कुणी कुणासाठी काढलं, तेव्हा कुणाला त्यात काही खटकलं नाही ते का, हा जो खरा शिकवण्याचा प्रश्न होता तो थोड्याच लोकांनी विचारला. चित्र काढून टाकलं आणि प्रश्नही त्याच्याबरोबर गेला. काढून टाकणं हा कायम सगळ्यात सोपा मार्ग असतो, त्यात कुणाला काही शिकावं लागत नाही.

कॅनडातही नेमकं हेच झालंय आणि विरोधी बाजूने ते उदाहरण दिलं तर मी ते नाकारणार नाही. नैऋत्य ऑन्टारिओतल्या एका फ्रेंच कॅथॉलिक स्कूल बोर्डाने इंडिजिनस लोकांचं विकृत चित्रण आहे म्हणून टिनटिन, ॲस्टेरिक्स, लकी ल्यूक वगैरे ४,७०० च्या वर पुस्तकं लायब्ररीतून काढली, आणि २०१९ मध्ये त्यातली तीसेक पुस्तकं 'शुद्धीकरण' म्हणून जाळली, राख झाड लावायला वापरली. २०२१ मध्ये बातमी फुटली तेव्हा देशभर संताप झाला आणि तो रास्तच होता. पुस्तक जाळणं हे कुठल्याही कारणाने मला मान्य नाही. पण पुढचं उदाहरणही बघा. २०२२ मध्ये डरहम स्कूल बोर्डाने डेव्हिड रॉबर्टसन यांचं 'द ग्रेट बेअर' लायब्ररीच्या शेल्फवरून उतरवलं, कारण काय तर इंडिजिनस मुलांना त्रास होईल असा मजकूर असू शकतो. रॉबर्टसन स्वतः क्री नेशनचे, म्हणजे इंडिजिनस लेखक आहेत. लोकांनी आरडाओरडा केल्यावर पुस्तक परत ठेवलं. टिनटिन जाळणारे आणि क्री लेखकाचं पुस्तक उतरवणारे, दोघांना वाटत होतं आपण फार संवेदनशील वागतोय. टिनटिन अमेरिकेत जातो तेव्हा त्याला भेटणारी माणसं कशी रंगवलीत, आणि तशीच माणसं स्वतःला कशी रंगवतात, हे दोन्ही एका टेबलावर ठेवून पंधरा-सोळा वर्षांच्या मुलांशी बोललं असतं तर? त्या वयाला ते बरोबर कळतं.

आता हक्काचा प्रश्न. पुष्कळ चांगले शिक्षक मला सांगतात की आम्ही इंडिजिनस नाही, आम्ही या गोष्टी शिकवायच्याच कशा? त्यांची भीती खोटी नाही, कारण इथे गोष्ट ही मालकीची असते. अनिशिनाबे लोकांत नानाबुश या त्यांच्या लोककथांमधल्या नायकाच्या कित्येक गोष्टी बर्फ पडल्यावरच सांगायच्या असतात. ब्रिटिश कोलंबियातल्या गितक्सन लोकांत अदाव्क म्हणजे प्रत्येक घराण्याचा इतिहास, त्यातली गाणी, त्यातल्या जमिनीच्या खुणा, हे त्या घराण्याचं असतं, दुसऱ्याने उचलून सांगायचं नाही. जमिनीच्या दाव्यात, डेलगामुक्व नावाने जो खटला प्रसिद्ध आहे त्यात, मेरी जॉन्सन या वृद्ध बाई कोर्टात घराण्याचं गाणं गायला उभ्या राहिल्या, कारण ते गाणं हाच त्यांच्या जमिनीचा पुरावा. जज म्हणाले की मला गाऊन दाखवून काही उपयोग नाही, मला सुराचा कान नाही. १९९१ मध्ये निकाल विरोधात गेला. डिसेंबर १९९७ मध्ये सुप्रीम कोर्टाने खटला नव्याने चालवायला सांगितलं आणि मौखिक इतिहासाला पुरावा म्हणून वजन द्यायलाच हवं असं सांगितलं. ज्या गोष्टीवर एवढ्या मोठ्या भूभागाचा दावा उभा राहतो ती गोष्ट वर्गात 'चला आता तुम्ही तुमच्या शब्दात एक लेजंड लिहा' म्हणून द्यायची? पुठ्ठ्याचा टोटेम पोल करून आणायला सांगायचं? हे होतं, आजही होतं.

पण यावर उपाय शिकवणं बंद करणं हा नाही. ज्या लेखकांनी पुस्तक लिहून, छापून, बाजारात आणलंय त्यांनी ते वाचलं जावं म्हणूनच आणलंय, ते शिकवायला इंडिजिनस असण्याची अट त्यांनीच घातलेली नाही. गोष्ट वापरणं आणि गोष्ट वाचणं यात फरक आहे. 'सीक्रेट पाथ' बघा, २०१६ चं, गाण्यांचा अल्बम आणि त्याच्याबरोबरचं ग्राफिक नॉव्हेल. बारा वर्षांचा चेनी वेंजॅक ऑक्टोबर १९६६ मध्ये केनोराच्या शाळेतून पळाला, घर सहाशे किलोमीटरवर, अंगात पातळ जॅकेट, तो रेल्वे लाइनच्या कडेने चालत राहिला आणि थंडीने गेला. गाणी गॉर्ड डाउनीची, चित्रं जेफ लेमायरची, दोघंही इंडिजिनस नाहीत. संवाद जवळपास नाहीतच, पानांमागून पानं निळी-काळी, रूळ, झाडं आणि एक लहान आकृती. पण डाउनी चेनीच्या बहिणींना भेटला, कुटुंबाच्या साथीने पुढे फंड उभा राहिला. म्हणून ते पुस्तक शिकवताना मुलांना विचारता येतं की बाहेरच्या माणसाने हे सांगितलं ते कुणाला विचारून, आणि त्याने काय काय सांगायचं टाळलं. शिवाय ते एकटं शिकवू नये. त्याच्या शेजारी 'धिस प्लेस' ठेवा, २०१९ चा इंडिजिनस लेखकांचा दहा चित्रकथांचा संग्रह. त्यात पहिल्या महायुद्धातला अनिशिनाबे स्नायपर फ्रान्सिस पेगामागाबो आहे, ज्याला तीनदा मिलिटरी मेडल मिळालं आणि घरी परतल्यावर मात्र साध्या साध्या गोष्टींना इंडियन एजंटची, म्हणजे रिझर्व्हवर (इंडिजिनस लोकांना राखून दिलेल्या जमिनीवर) नेमलेल्या सरकारी अधिकाऱ्याची परवानगी लागायची, १९८१ ची मासेमारीवरची पोलिसांची धाड आहे, आणि शेवटची गोष्ट तर २३५० सालात घडते. नुसत्या दुःखाच्याच गोष्टी शिकवल्या तर मुलांच्या डोक्यात हे लोक म्हणजे फक्त मेलेली मुलं एवढंच उरतं, आणि स्कॉटच्या कवितेतही तेच होतं की.

मला हे इतकं टोचतं त्याला कारण आहे. मी महाराष्ट्रात शाळेत असताना दलित आत्मकथनातला एक उतारा धड्याला होता. शिक्षकांनी तो वाचला, चांगला वाचला, आवाज भरून आला त्यांचा. आणि मग एका मुलाकडे वळून म्हणाले, 'तुमच्याकडे असंच असतं ना रे?' चाळीस डोकी त्याच्याकडे फिरली. त्यानंतर त्या मुलाने वर्षभर मराठीच्या तासाला तोंड उघडलं नाही. शिक्षकांचा हेतू वाईट नव्हता, बिलकुल नव्हता. पण वर्गातल्या मुलाला धड्याचा पुरावा म्हणून उभं करायचं नाही हे त्यांना कुणी शिकवलंच नव्हतं. इथेही हेच होतं, एखादी क्री किंवा ओजिब्वे मुलगी असते, आणि अख्ख्या खंडातल्या शेकडो नेशन्सच्या वतीने तिने बोलावं अशी अपेक्षा असते. मराठी माणसाला कुणी 'तुम्ही इंडियन म्हणजे भांगडा छान करत असाल' म्हटलं तर आपला जीव कसा होतो ते आठवा.

शेवटचा आक्षेप खास आपला. 'आपण कालपरवा आलो, आपल्याला पण इंग्रजांनी लुटलं, यांच्या पापाचं ओझं आपल्या पोरांच्या डोक्यावर का?' पाप आपलं नाही, बरोबर आहे, आणि जो शिक्षक मुलांना अपराधी वाटायला लावतो तो चुकतोय, अपराधीपणाने कुणी नीट वाचत नाही. पण संबंध नाही हे कसं म्हणणार? आपल्यातले कितीतरी जण मिसिसॉगात राहतात. ज्यांच्यावरून शहराचं नाव पडलं ते मिसिसॉगाज ऑफ द क्रेडिट आज हॅगर्सव्हिलजवळच्या रिझर्व्हवर आहेत. टोरंटोची जमीन १८०५ च्या करारात त्यांच्याकडून १० शिलिंगला घेतली होती आणि त्याचा हिशोब २०१० मध्ये साडेचौदा कोटी डॉलर देऊन मिटवावा लागला. आपलं मॉर्गेज, आपलं बॅकयार्ड त्याच करारांच्या जमिनीवर आहे. आणि इंग्रजांचं म्हणाल तर १८७१ चा क्रिमिनल ट्राइब्स ॲक्ट आणि १८७६ चा कॅनडाचा इंडियन ॲक्ट यांच्यात पाच वर्षांचं अंतर आहे, राणी तीच. माणसांच्या याद्या करायच्या, त्यांनी कुठे राहायचं ते ठरवायचं, बाहेर जायचं तर परवानगी घ्यायची. सोलापुरात आजही सेटलमेंट नावाचा भाग आहे, तिथे पारधी, कैकाडी, भामटा म्हणून शिक्का मारलेल्या लोकांना तारेच्या कुंपणात ठेवलं जायचं. ज्याला 'उपरा' आणि 'उचल्या' ही पुस्तकं माहीत आहेत त्याला पेगामागाबोची गोष्ट समजायला वेगळी चावी लागत नाही. आपली मुलं या वर्गात पाहुणी नाहीत, त्यांच्याकडे दोन्हीकडचं वाचून तुलना करायची ताकद आहे, आणि बहुतेकदा त्यांना उपरा माहीतच नसतो, ते आपल्या घराचं काम आहे.

रेसिडेन्शियल शाळांची चौकशी करणाऱ्या ट्रूथ अँड रिकन्सिलिएशन कमिशनने २०१५ मध्ये ज्या ९४ मागण्या केल्या त्यातली ६२ वी शाळेच्या अभ्यासक्रमाबद्दल आहे, आणि तिच्यातच शिक्षकांच्या प्रशिक्षणासाठी पैसे द्या असंही म्हटलंय. तो भाग कुणी बोलत नाही. २०१८ मध्ये ऑन्टारिओ सरकारने या विषयाच्या अभ्यासक्रमाची लिखाणाची सत्रंच ऐनवेळी रद्द केली होती. शेक्सपिअर गेला की राहिला यावर भांडण्यापेक्षा पालकांनी स्कूल कौन्सिलच्या मीटिंगला जाऊन विचारावं की हा कोर्स शिकवणाऱ्याला ट्रेनिंगचे किती दिवस मिळाले, पुस्तकं कुठल्या नेशन्सची आहेत, जवळच्या फर्स्ट नेशनशी किंवा फ्रेंडशिप सेंटरशी (शहरातल्या इंडिजिनस लोकांच्या केंद्राशी) शाळेचं काही बोलणं आहे का, एल्डरला, म्हणजे समाजातल्या जाणत्या वडीलधाऱ्या माणसाला बोलावतात तेव्हा रीतीप्रमाणे तंबाखू आणि मानधन देतात की नुसती टाळ्या वाजवून बोळवण करतात, आणि अत्याचाराचं पान यायच्या आधी मुलांना सांगून, नको असेल त्याला बाहेर जायची मुभा आणि नंतर बोलायला कुणीतरी माणूस ठेवलाय का. ट्रेनिंग नाही असं उत्तर आलं तर बोर्डाकडे लेखी मागावं, ट्रस्टीला (बोर्डावर निवडून गेलेल्या प्रतिनिधीला) भेटावं, कोर्स रद्द करा म्हणून नव्हे, शिक्षकाला तयारीचे दिवस आणि पैसे द्या म्हणून.